एफुआताईच्या पिक्चरमधली सासू

त्या दिवशी त्या खोलीत कोण कोण होतं ते आधी सांगते, म्हणजे नंतर कुणी म्हणायला नको की म्हातारीनं मनानं रचलं. मी होते. एफुआताई होती, जिचं घर आणि जिचा पिक्चर. आबेना होती, पिक्चरमधली सून, एरवी दवाखान्यात नर्स. मेन्साकाका कॅमेऱ्यामागं होते, जन्मभर बस चालवून रिटायर झालेले, एफुआताईच्या चर्चमधले. माझी सून सायली दाराशी उभी होती, आणि नात ईरा, तेव्हा आठ वर्षांची, सोफ्यावर पाय घेऊन पॉपकॉर्न खात होती. माझा मुलगा महेश नव्हता. तो गाडीचं ऑइल बदलायला गेला होता आणि ते बरंच झालं.

सायली म्हणते, आई, आत्मचरित्रात लहानपणाचं एक प्रकरण लागतं. मी म्हटलं, माझी दोन लहानपणं झाली, कुठलं सांगू? पहिलं गावाकडं, कराडच्या पुढं. ते सोळाव्या वर्षी लग्न झालं तिथं संपलं, त्यात सांगण्यासारखं चिंचेचं झाड आणि शाळेतल्या चार इयत्ता. दुसरं इथं, अमेरिकेत एडिसनला, सहासष्टाव्या वर्षी सुरू झालं. मालक गेले, महेशनं मला इकडं आणलं, आणि मी पुन्हा पाळण्यातली झाले. दार कुणाला उघडायचं नाही. रस्ता आपल्या मनानं ओलांडायचा नाही. फोडणी मोठी करायची नाही, छताला लावलेलं ते धुराचं भोंगं ओरडतं. पहिल्या आठवड्यात ते तीनदा ओरडलं, तेव्हा ईरानं खुर्चीवर चढून त्याला टॉवेलनं वारा घालायचा कसा ते मला शिकवलं. बोलायलाही तिनंच शिकवलं. सकाळी 'गुड मॉर्निंग' म्हणायला लावायची, आणि मी नीट म्हटलं की 'गुड जॉब, आजी' म्हणून पाठीवर थाप. गावाकडं ज्या बाईनं बारा माणसांचा स्वयंपाक केला, तिला इथं मायक्रोवेव्हचं बटण दाबलं म्हणून शाबासकी. मी घेतली शाबासकी. मिळते ती घ्यावी. हे सगळं मी फोनला सांगते आहे, फोन लिहून घेतो, सायली मागनं काना-मात्रा बघते.

आमचं घर दुमजली, पण घरं इथं लाकडाची. खालच्यानं उसासा टाकला तर वरच्याला कळतो. महेश आणि सायली दिवसभर कानात खुंट्या घालून कॉम्प्युटरशी बोलायची, त्यांना काही ऐकू यायचं नाही. मला सगळं यायचं. रविवारी खालनं ठक ठक असा आवाज यायचा, उखळात मुसळ पडावं तसा. पहिल्यांदा ऐकला तेव्हा मी गॅस बंद करून जमिनीवर बसले आणि नुसतं ऐकलं. अमेरिकेत कोण कांडतंय? महेशला विचारलं तर म्हणाला, "खाली आफ्रिकन लेडी राहते, आई. घानाची. मी कंप्लेंट करणार आहे." मी म्हटलं, "केलीस तर मी जेवणार नाही." त्यानं केली नाही.

मग एका शनिवारी दुपारी दुसराच आवाज आला. एक बाई ओरडतेय, एक पोरगी रडतेय. मग शांत. मग पुन्हा तेच ओरडणं, तेच रडणं. आता कुणी म्हणेल, म्हातारीला तेव्हाच कळायला हवं होतं. पण मारणारा माणूस मध्ये दम खायला थांबतो, हे मला माहीत होतं, आणि शिव्या तर कुठल्याही घरात त्याच त्याच असतात. तिसऱ्यांदा सुरू झालं तेव्हा मी तव्यावरची भाकरी उतरवली आणि पिठाच्या हातानं, पायात महेशचे मोजे, तशीच जिना उतरले. दार एका पिकल्या केसांच्या माणसानं उघडलं. तो काही बोलायच्या आत मी आत घुसले आणि त्या रडणाऱ्या पोरीच्या पुढं जाऊन उभी राहिले. समोर एक धिप्पाड बाई होती, डोक्याला पिवळा फडका, साठीच्या आसपासची. तिला म्हटलं, "लाव हात पोरीला. लावून तर बघ."

मराठीत म्हटलं. दुसरं येतंय काय?

ती बाई माझ्याकडं बघतच राहिली. माझ्या हाताकडं, तोंडाकडं, मोज्यांकडं. मग माझ्यावरची नजर न काढता त्या म्हाताऱ्याला म्हणाली, "डोन्ट स्टॉप." तेव्हा मला कॅमेरा दिसला.

तेवढ्यात मला शोधत ईरा खाली आली. तिनं एका नजरेत सगळं बघितलं आणि कपाळाला हात लावला. "आजी, इट्स फेक. दे आर मेकिंग अ मूव्ही." मग ती बाई बोलायला लागली, हात हलवत, पाच मिनिटं, मध्ये एकदा छातीवर हात ठेवून. मी ईराला म्हटलं, काय म्हणते? ईरा म्हणाली, "शी वॉन्ट्स यू टू बी द बॅड लेडी." मी म्हटलं, मलाच का? ईरानं तिला विचारलं. पुन्हा दोन मिनिटं हातवारे. ईरा म्हणाली, "बिकॉज ऑफ युअर फेस."

तर ही एफुआताई. तिचं सगळं मला हळूहळू कळलं, काही सायलीकडनं, काही तिच्या पिक्चरमधनं. गावाकडं, घानातल्या कुमासीत, ती कपडे शिवायची. नवरीचे झगे शिवायला तिच्याकडं गर्दी असायची, आणि नवरीबरोबर लग्नाचा व्हिडिओ काढणारा यायचा. एक दिवस ती त्याला म्हणाली, लग्नाचे व्हिडिओ सगळेच काढतात, लग्नानंतरचे कुणी काढत नाही. ते आपण काढू. तिथनं सुरू झालं. शिलाई यंत्र बाजूला सारून दुकानातच पहिला पिक्चर काढला. मग एकामागनं एक सतरा. नवरा कागदपत्रांसाठी परदेशात दुसरं लग्न करतो आणि पहिल्या बायकोला फोनवर ते लग्न ऐकू जातं, असा एक. परदेशातल्या भावानं बांधलेल्या घरात गावचा भाऊ राहतो आणि परतलेल्या भावाला पाहुणा म्हणतो, असा एक. इकडं आल्यावर आठवडाभर म्हाताऱ्या माणसांच्या सेवेची नोकरी आणि शनिवार-रविवारी पिक्चर. कधी हिच्या घरात, कधी तिच्या घरात, नटनट्या सगळ्या ओळखीपाळखीच्या. तिनं ते मला टीव्हीवर दाखवले. भाषा एक अक्षर कळायची नाही. पण सासू दारात उभी राहिली की मला कळायचं ती आता काय बोलणार, आणि मी आधीच मराठीत बोलून टाकायचे. एफुआताई हसून मांडीवर थापा मारायची. आम्ही दोघी तिच्या सोफ्यावर बसून मक्याच्या आंबवलेल्या पिठाचे उकडलेले गोळे खायचो, वर मिरचीचा ठेचा, तोही मातीच्या खरबरीत वाडग्यात लाकडानं रगडलेला. तो ठेचा तोंडात घातला आणि मला वाटलं, ही बाई कराडचीच आहे, सांगत नाही एवढंच.

अठरावा पिक्चर मात्र अडला होता. आधीच्या सगळ्या पिक्चरमध्ये सासूचं काम करणारी तिची मैत्रीण नातवंडं सांभाळायला घानात, अक्राला परत गेली होती. चार वर्षं एफुआताईनं काही काढलं नव्हतं आणि चर्चमधले लोक म्हणायला लागले होते, एफुआचं आता संपलं, पोरांना फोनवर दोन मिनिटांचं बघायला लागतं. म्हणून तिनं हट्टानं हा घेतला, आणि चर्चच्या हॉलमध्ये दाखवायची तारीखही सांगून बसली. सगळं झालं होतं. सासू सुनेला घराबाहेर काढते तो प्रसंग तेवढा राहिला होता, आणि त्याशिवाय बाकीच्याला अर्थ नव्हता. मी खाली घुसले त्या शनिवारी ती स्वतःच सासू होऊन बघत होती, पण जमत नव्हतं. आणि आबेनाला दूरच्या गावी नोकरी लागली होती, पुढच्या शनिवारी संध्याकाळचं तिचं विमान. म्हणजे शनिवारी दुपार, उजेड आहे तोवर, एकदाच. नाही जमलं तर पिक्चर गेला. एफुआताई हे हसत सांगायची, पण सांगताना डोक्याचा फडका सोडून पुन्हा बांधायची.

मी म्हटलं, पण तुमच्या पिक्चरमधला मुलगा सहा फुटी आफ्रिकन, आणि त्याची आई मी? हे सायलीनं तिला विचारलं. एफुआताई म्हणाली, "सासू पुरेशी वाईट असली की ती कुठली हे कुणी विचारत नाही." महेशला कळलं तेव्हा तो म्हणाला, "आई, तू आणि ॲक्टिंग? लोक काय म्हणतील?" मी म्हटलं, "कुठले लोक? इथं मला ओळखतं कोण?"

एफुआताईची कामाची एक पद्धत होती. ती काही लिहायची नाही. नटीला समोर बसवायची आणि विचारायची, तुझ्यावर असं कुणी केलं? मग सांगायची, आता जी रडली ती नको होऊस. जिनं रडवलं ती हो. बुधवारी तिनं मलाही तसंच समोर बसवलं. ईराला शाळा होती म्हणून मध्ये सायली, लंच ब्रेकमध्ये, हातात सॅलडचा डबा. एफुआताईनं विचारलं, "ओल्ड लेडी, तुला घराबाहेर कुणी काढलं?" ओल्ड लेडी हा त्यांच्यात मानाचा शब्द आहे, आपण मातोश्री म्हणतो तसा. सायलीनं मला न विचारताच तिला सांगून टाकलं, नो नो, तसं काही नाही, आमच्या आईंचं सगळं छान होतं. मग माझ्याकडं बघितलं. मग डबा खाली ठेवला.

सांगितलं मग. त्यात लपवण्यासारखं काही नव्हतं, कुणी विचारलं नव्हतं एवढंच. लग्नाला तीन वर्षं झाली, मूल नाही. मालक साखर कारखान्यात, हंगामात पंधरा-पंधरा दिवस घरी नसायचे. एका सकाळी मी चुलीपुढं बसले होते, तर आत्याबाई, म्हणजे माझी सासू, आल्या आणि म्हणाल्या, ऊठ. पेटी घे. चल. कालवण चुलीवर होतं. मी म्हटलं, एवढं उतरवते. त्या म्हणाल्या, मी उतरवीन. पत्र्याची पेटी डोक्यावर घेऊन मी एसटीच्या फाट्यापर्यंत चालत गेले, भावाकडं. चौदा महिने तिथं वहिनीच्या राज्यात काढले, त्यावर वेगळं पुस्तक होईल, पण वहिनी अजून जिवंत आहे. मग मालक येऊन घेऊन गेले. घरात पाय ठेवला तर आत्याबाई म्हणाल्या, पाणी भरायचंय. मी भरलं. त्यानंतर सव्वीस वर्षं आम्ही एका घरात राहिलो, शेवटी त्या अंथरुणाला खिळल्या तेव्हा त्यांचं सगळं मीच केलं, पण त्या दिवसाबद्दल ना त्या बोलल्या, ना मी.

सायलीनं हे सगळं इंग्रजीत सांगितलं. एफुआताईनं शेवटी एकच विचारलं, "त्या ओरडल्या?" मी म्हटलं, नाही. आवाज चढवला नाही. एफुआताईनं मेन्साकाकांकडं बघून मान हलवली. तिला पाहिजे ते सापडलं होतं.

आली शनिवारची दुपार. मला महेशच्या लग्नातलं हिरवं लुगडं नेसवलं आणि आबेनाच्या मावशीचा मणी-माळांचा हार घातला, त्यामुळे मी नक्की कुठल्या देशाची दिसत होते हे देवालाच माहीत. टेबलावर खरं जेवण वाढलेलं, कारण खोटं जेवण एफुआताईला चालत नाही. आबेना सुनेसारखी खाली मान घालून बसली. मी उभी राहिले. मेन्साकाकांनी बोट वर केलं. आणि मला काही म्हणजे काही सुचेना. पहिल्या वेळी मी आबेनाला विचारलं, "भात वाढू का?" दुसऱ्या वेळी तिच्या खांद्यावरचा दोरा काढला. ईरा म्हणाली, "आजी, यू आर टू नाईस." बाहेर ऊन भिंतीवरनं सरकत पायरीपर्यंत आलेलं. आबेनाची खरी बॅग भरून दाराशी ठेवलेली. एफुआताईनं फडका सोडला. तो बांधलाच नाही, हातात धरून उभी राहिली. तिचे केस अगदी बारीक कापलेले आणि पूर्ण पांढरे होते, ते मी तेव्हा पहिल्यांदा बघितले.

मग मी डोळे मिटले, आणि आत्याबाई कशा उभ्या राहायच्या तशी उभी राहिले, एक हात कमरेवर, एक चौकटीवर. डोळे उघडले. म्हटलं, "ऊठ. पेटी घे. चल."

माझा आवाज मलाच ओळखू आला नाही. तो त्यांचाच होता, थंड, पाण्याची वेळ सांगावी तसा. आबेनाला मराठीचा एक शब्द येत नव्हता, पण ती उठली. काही तरी म्हणाली, गयावया केली. मी म्हटलं, "मी उतरवीन." ती रडायला लागली, आणि मला दिसत होतं की हे खोटं नाही. ईराचं पॉपकॉर्न थांबलं. आबेनानं बॅग उचलली, दाराशी गेली, दार उघडलं. आता मी नुसतं उभं राहायचं होतं, पाठ फिरवून. एवढंच होतं माझं काम. एफुआताईनं हजारदा सांगितलं होतं.

पण पोरगी घरातनं निघाली होती, हातात बॅग, लांबच्या गावाला. आणि माझे पाय फ्रिजकडं गेले. मी नेले नाहीत, ते गेले. जन्मभर मी कुणाला हातावर दही दिल्याशिवाय उंबऱ्याबाहेर सोडलेलं नाही. महेशला परीक्षेला, मालकांना कारखान्यात, महेशला पुन्हा विमानाला. फ्रिज उघडला. एफुआताईच्या फ्रिजमध्ये दही नव्हतं. स्ट्रॉबेरीचं होतं, गुलाबी, प्लॅस्टिकच्या छोट्या डब्यात. वरचा कागद दातानं फाडला, चमचा घेतला आणि दारात जाऊन आबेनाचा उजवा हात ओढून तळव्यावर ते गुलाबी दही ठेवलं. बोलले काही नाही, तोंड आत्याबाईंचंच होतं. आबेनानं माझ्याकडं बघितलं, हाताकडं बघितलं. ती एफुआताईच्या हाताखाली तयार झालेली, 'कट' म्हटल्याशिवाय थांबायचं नाही हे तिला पक्कं माहीत. तिनं ते चाटलं. आणि पायऱ्या उतरून गेली.

मग मला भान आलं. हातात चमचा, दार उघडं, थंडी आत येतेय. 'कट' कुणी म्हणालंच नव्हतं. मी मागं वळून म्हटलं, "गेला का गं पिक्चर? घालवला मी."

पायरीवरचं ऊनही गेलं होतं. एफुआताईनं सायलीला विचारलं, ते काय होतं? सायलीनं जवळ येऊन माझ्या हातातला चमचा काढून घेतला. मग म्हणाली, घरातनं निघणाऱ्याच्या हातावर आमच्यात दही ठेवतात. काम व्हावं आणि माणूस सुखरूप परत यावा म्हणून. एफुआताई मटकन सोफ्यावर बसली, ईराच्या पॉपकॉर्नवरच. पुढं सासू एकटी पडून पश्चात्तापानं मरते असा शेवट ठरलेला होता, तो तर चादरीखाली कुणाला तरी झोपवून काढूनही झाला होता. तिनं उघड्या दाराकडं बघितलं. मग मेन्साकाकांना म्हणाली, मरणाचं काढून टाक. इथंच संपला.

हॉलमध्ये दाखवला तेव्हा आम्ही सगळे गेलो, महेशसुद्धा. त्यांच्यात पिक्चर गप्प बसून बघत नाहीत. पडद्याशी बोलतात. मी 'ऊठ' म्हटलं तशा बायका उभ्या राहून मला शिव्या द्यायला लागल्या, एकीनं तर बूट उगारला, आणि महेश माझ्याकडं असा बघत होता की ही बाई आपल्या घरात राहते का. मी फ्रिजकडं गेले तेव्हा लोक हसले. मी दही ठेवलं तेव्हा बूटवाली खाली बसली. माझ्या पुढच्या रांगेतली एक माझ्याच वयाची बाई मोठ्यानं काही तरी बोलली. मी एफुआताईला विचारलं, काय म्हणाली? तिनं इंग्रजीत सांगितलं, सायलीनं मराठीत, त्या म्हणाल्या, "तिला सून परत हवीये, मूर्ख बाईला बोलता येत नाहीये."

मी त्यावर अजून विचार करते. आत्याबाई त्या दिवशी दारापर्यंत आल्या होत्या का, ते मी वळून बघितलंच नव्हतं. पेटी डोक्यावर असली की वळता येत नाही.

एफुआताईनं त्यानंतर आणखी दोन पिक्चर काढले, आता तिसरा चालू आहे. त्यात मी देवभक्त शेजारीण आहे, काम छोटं आहे, मला विशेष पसंत नाही. ओक ट्री रोडवर, आपल्या लोकांच्या बाजारात, मला अजून कुणी ओळखत नाही, पण घानावाल्यांच्या दुकानात केळी घ्यायला गेले की ओळखतात. परवा एक उंच माणूस मला बघून म्हणाला, "विकेड मदर," आणि माझी ट्रॉली गाडीपर्यंत ढकलत आला.

त्या शनिवारनंतरच्या सोमवारी सायली ऑफिसला निघाली. सोमवारचं तिला तिकडं जावं लागतं, आणि ती नेहमी धावत निघते, एका हातात कॉफी, एक बूट अर्धा घातलेला, दार तिच्यामागं आपोआप आपटतं. त्या दिवशी दार आपटलं नाही. मी बघायला गेले तर ती बूट घालून उंबऱ्यात उभी होती. कॉफी डाव्या हातात. उजवा हात पुढं केलेला. मी आत जाऊन वाटी घेऊन आले. चमचाभर दिलं. ती म्हणाली, "येते, आई." मी म्हटलं, "ये."

वाचणाऱ्यांना माझी एकच विनंती आहे. फ्रिजमधलं दही सगळं संपवत जाऊ नका, वाटीभर मागं ठेवत जा. स्ट्रॉबेरीचं असलं तरी चालतं, त्यात साखर घातलेलीच असते.